कोळसा सोडलेलं डिस्ट्रिक्ट हीटिंग: तीन हिवाळे वापरून लिहिलेला रिव्ह्यू

पाचपैकी साडेतीन स्टार देतेय. दीड स्टार कशासाठी कापला ते नीट लिहिते, कारण तुमच्या बिल्डिंगला हे कनेक्शन असेल किंवा येणार असेल तर त्यातलं निम्मं दुखणं तुम्ही आधीच टाळू शकता.

ज्यांना डिस्ट्रिक्ट हीटिंग काय ते माहीत नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. प्रत्येक घरात वेगळा बॉयलर नसतो, शहरात एके ठिकाणी पाणी तापवतात आणि ते रस्त्याखालच्या जाड पाइपांमधून बिल्डिंगपर्यंत येतं, तळघरात हीट एक्सचेंजर असतो, तिथे त्या पाण्यातली उष्णता आपल्या रेडिएटरच्या (खोलीत भिंतीला लावलेला, आतून गरम पाणी फिरणारा पत्रा) पाण्याला मिळते, दोन्ही पाणी एकमेकांत मिसळत नाहीत, आणि गार झालेलं पाणी दुसऱ्या पाइपनं परत जातं पुन्हा तापायला. म्हणजे दोन पाइप, एक येणारा, एक परतीचा. हा परतीचा पाइप लक्षात ठेवा, पुढे सगळं त्याच्यावरच येऊन अडतं.

आमचं शहर जुनं कारखान्यांचं. पोलादाच्या भट्ट्या होत्या, कोळशाच्या खाणी होत्या, आता दोन्ही बंद, पण त्या काळात टाकलेलं गरम पाण्याचं नेटवर्क राहिलंय आणि त्याच्यावर अख्खी वस्ती अजून ऊब घेते. इतकी वर्षं ही उष्णता कोळशाच्या वीज केंद्रातून यायची, वीज करून झाल्यावर जी उष्णता नाहीतर वाया गेली असती ती शहराला, त्यामुळे त्या काळाच्या मानानं ती सोय हुशारीचीच होती हे मान्य करायला हवं. पण त्याचाच आता तिढा झालाय. वीज केंद्र बंद केलं तर वीज दुसरीकडून आणता येते, वाऱ्याची आणा, सूर्याची आणा, तार टाकली की शेकडो किलोमीटरवरून येते. उष्णता तशी येत नाही हो. गरम पाणी लांबून आणायचं तर वाटेतच गार होतं आणि पंपांचा खर्च वाढत जातो, म्हणून उष्णता शहरात किंवा शहराला लागूनच तयार व्हावी लागते. कोळसा बंद करा असं म्हणणं सोपं आहे पण त्याच्या जागी काय, हा प्रश्न विजेपेक्षा इथे खूप अवघड आहे आणि लोक त्याच्याकडे पुरेसं बघत नाहीत असं मला मनापासून वाटतं.

आमच्या कंपनीनं (नाव घेत नाही) तीन हिवाळ्यांपूर्वी कोळशाचा शेवटचा बॉयलर विझवला. त्याच्या जागी सांडपाणी प्रक्रिया केंद्रातून बाहेर पडणाऱ्या पाण्यावर मोठा हीट पंप (कोमट पाण्यातली उष्णता विजेवर उचलून घेणारं यंत्र) बसवला, अजून चालू असलेल्या एका कारखान्याची वाया जाणारी उष्णता जोडली, आणि कडाक्याच्या थंडीतल्या थोड्या दिवसांसाठी गॅसचे बॉयलर राखीव ठेवले. त्याबरोबर नेटवर्कमधल्या पाण्याचं तापमान खाली आणलं. पूर्वी थंडीत शंभरच्या वर पाणी यायचं, आता पंचाहत्तरच्या आसपास. पत्रकात छापलं होतं की ग्राहकांना काहीही फरक जाणवणार नाही.

फरक जाणवला. पहिल्याच डिसेंबरात वरच्या मजल्यावरच्या आजींचा रेडिएटर कोमट आणि खाली पहिल्या मजल्यावर लोक खिडक्या उघडून बसलेत. आजी एक शाल पायावर, एक खांद्यावर अशा बसलेल्या मी स्वतः बघितल्या, खोलीत सोळा डिग्री. कंपनीला फोन केला तर उत्तर, आमच्याकडून पुरवठा बरोबर आहे. बिल्डिंगच्या मॅनेजमेंटला विचारलं तर ते म्हणे कंपनीनं तापमान कमी केलं, आम्ही काय करणार. असं दीड महिना एकमेकांकडे बोट दाखवणं चाललं आणि त्या दीड महिन्यात आजींनी विजेचा हीटर लावला. एक स्टार इथेच गेला, आणि हा स्टार त्या उष्णतेचा नाही, त्या फोनवरच्या उत्तराचा आहे.

शेवटी एक टेक्निशियन आला. हा माणूस पूर्वी कोळशाच्या बॉयलर हाऊसमध्येच होता, तिथे वीस वर्षं काढलेली, मग ट्रेनिंग घेऊन इकडे आला. जिन्याखाली पत्र्याचं कपाट आहे, त्यात आमचा हीट एक्सचेंजर आणि मीटर. त्यानं कपाट उघडलं आणि मला म्हणाला दोन्ही पाइपांना हात लावून बघा. येणाऱ्या पाइपला चटका बसला, ते अपेक्षितच होतं. परतीच्या पाइपलाही हात ठेववेना. मीटरवर बटण दाबत दाबत त्यानं आकडे दाखवले, येताना ७५, जाताना ५८. तो म्हणाला, हे पाणी तुमच्या बिल्डिंगमध्ये आलं, एक चक्कर मारली आणि जवळजवळ तसंच परत निघालं, उष्णता तुम्ही घेतलीच नाहीत.

मग त्यानं हिशोब सांगितला तो इथे लिहून ठेवते कारण कोणीच सांगत नाही. एक घनमीटर पाणी एक डिग्रीनं गार झालं की साधारण १.१६ युनिट (किलोवॉट-तास) उष्णता देतं. म्हणजे ७५ चं पाणी ५८ ला परत पाठवलं तर घनमीटरमागे २० युनिटच्या आत, आणि तेच ४० ला परत पाठवलं तर ४० युनिटच्या वर. तेवढ्याच पाण्यात दुप्पट. दुप्पट मिळत नाही म्हणून मग दुप्पट पाणी फिरवावं लागतं, पाइपांची क्षमता संपते, आणि लाइनच्या टोकाला असलेल्या बिल्डिंगा आणि बिल्डिंगांमधले वरचे मजले गार पडतात. आमच्यात बायपासचा (पाणी रेडिएटरकडे न जाता सरळ परतीला नेणाऱ्या वाटेचा) एक व्हॉल्व्ह कोणे एके काळी पूर्ण उघडून ठेवलेला होता आणि तसाच गंजून बसला होता, कोणी उघडला, कधी उघडला, कोणालाच पत्ता नाही. शिवाय जिन्यातल्या उभ्या लाइनींचं बॅलन्सिंग, म्हणजे सगळीकडे पाणी नीट वाटलं जाईल असे व्हॉल्व्ह लावणं, कधीच केलेलं नव्हतं, पाणी जवळच्या रेडिएटरमधून सोप्या वाटेनं परत फिरायचं आणि लांबच्याला पोचायचंच नाही.

मी विचारलं मग इतकी वर्षं कसं चाललं. तो म्हणाला, कोळसा सगळं खपवून घ्यायचा. एकशेदहाचं पाणी ढकललं की वाकडंतिकडं कसंही फिरलं तरी वरपर्यंत ऊब पोचायची, परतीचं पाणी गरम आलं तरी बॉयलरला काही वाटायचं नाही, अजून चार फावडी कोळसा. हीट पंपाला मात्र वाटतं, आणि फार वाटतं.

हे दुसरं समजून घेण्यासारखं आहे. हीट पंप म्हणजे मोठा उलटा फ्रिज, कोमट पाण्यातली उष्णता उचलून वर चढवतो, आणि किती वर चढवायची त्यावर त्याला वीज लागते. दहा डिग्रीच्या पाण्यातून ८० पर्यंत चढवायचं तर पुस्तकी गणितानं एका युनिट विजेत जास्तीत जास्त पाच युनिट उष्णता मिळेल, ६० पर्यंतच चढवायचं तर साडेसहाच्या वर. प्रत्यक्षात मशीनला त्याच्या अर्ध्याच्या आसपास मिळतं, म्हणजे अडीच आणि सव्वातीन. तेच पाणी, तेच मशीन, नुसतं शहरानं कमी तापमानावर भागवलं तर इतका फरक. म्हणून मी म्हणते की कोळसा सोडण्याचं निम्मं काम धुराड्याजवळ होतं आणि उरलेलं निम्मं आपल्या तळघरात, आपल्या रेडिएटरच्या व्हॉल्व्हवर. कंपनीनं पहिल्या निम्म्यावर अमाप पैसा घातला आणि दुसऱ्या निम्म्यासाठी एक पत्रक छापलं. माझी मुख्य तक्रार हीच आहे.

आता चांगलं काय ते सांगते, कारण चांगलंही खूप आहे.

हवा. हे मीटरवर दिसत नाही पण खिडकीच्या चौकटीवर दिसतं. पूर्वी थंडीत ओलं फडकं फिरवलं की काळं व्हायचं, आता साधी धूळ. शहराच्या त्या भागात राहिलेल्यांना हे वेगळं सांगावं लागणार नाही.

नवीन पाइप. आमच्या गल्लीत जुनी लाइन काँक्रीटच्या चरात होती, वरून गळकी, आणि बर्फ पडला की रस्त्याच्या मधोमध एक ओला काळा पट्टा दिसायचा जिथे बर्फ टिकायचाच नाही, मुलं त्या पट्ट्यावरून चालत जायची, बूट भिजू नयेत म्हणून. आता फोमचं आवरण आधीच बसवलेले पाइप टाकलेत, त्या फोममध्ये तांब्याच्या तारा असतात, ओल शिरली की नेमकी कुठे शिरली ते कंट्रोल रूममध्ये कळतं. मागच्या हिवाळ्यात पहिल्यांदा त्या पट्ट्यावर बर्फ टिकला. जी उष्णता इतकी वर्षं रस्ता तापवत होती ती आता घरात येते. खोदकामाचे सात महिने मात्र कठीण गेले, रस्ता एका बाजूनं बंद, दोनदा पाणी तोडलं, पण वेळापत्रक आधी चिकटवलेलं होतं आणि ते त्यांनी पाळलं, त्याचं श्रेय द्यायलाच हवं.

गरम पाण्याची टाकी. जुन्या कोक भट्ट्यांच्या आवारात आता एक मोठी पांढरी टाकी उभी आहे, वारा जोरात असला आणि वीज मुबलक असली की हीट पंप जोरात चालवून ती भरून ठेवतात, संध्याकाळी विजेची ओढाताण असते तेव्हा टाकीवर शहर चालतं. उष्णता साठवणं वीज साठवण्यापेक्षा खूप स्वस्त, शेवटी ते नुसतं गरम पाणीच असतं. डेन्मार्कात वोयेन्स नावाच्या छोट्या गावानं तर २ लाख घनमीटरचा खड्डा करून त्यात उन्हाळ्यातलं सौर गरम पाणी हिवाळ्यासाठी साठवलंय. आमची टाकी त्यापुढे काहीच नाही पण सुरुवात योग्य आहे.

नळाच्या गरम पाण्याबद्दल खूप जण विचारतात, तापमान खाली आणलं तर लेजिओनेलाचं (फुप्फुसांचा आजार करणाऱ्या जीवाणूचं) काय. भीती रास्त आहे, हा जीवाणू कोमट साठलेल्या पाण्यात वाढतो, म्हणूनच मोठ्या टाकीतलं पाणी ६० च्या आसपास ठेवावं लागतं आणि नेटवर्क त्याखाली नेता येत नाही. यावरचा उपाय म्हणजे प्रत्येक फ्लॅटमध्ये छोटा हीट एक्सचेंजर, पाणी साठवायचंच नाही, नळ उघडला की तेव्हाच तापतं. आमच्याकडे तो बसवलाय, सात-आठ सेकंदांत गरम पाणी येतं, दोन ठिकाणी एकदम शॉवर चालू असला तरी कमी पडत नाही. ज्या बिल्डिंगांमध्ये अजून मोठी टाकी आहे त्यांनी मॅनेजमेंटच्या मागे लागून हे करून घ्या.

आता उष्णता येते कुठून यावर थोडं सविस्तर, कारण अर्धा स्टार इथे कापलाय.

सांडपाण्याचा हीट पंप मला पूर्ण पटतो. शहर आंघोळ करतं, भांडी घासतं, ते कोमट पाणी नाहीतरी नदीला जाणार. कारखान्याची वाया जाणारी उष्णताही पटते, हॅम्बुर्गमध्ये तांब्याच्या कारखान्यातली उष्णता २०१८ पासून बंदरातल्या नव्या वस्तीला जाते, फ्रान्सच्या डंकर्कमध्ये पोलाद कारखान्याची उष्णता १९८० च्या दशकापासून शहर वापरतं. पण आमच्यासारख्या शहरानं याबाबतीत डोळे उघडे ठेवायला हवेत, कारखाने बंद कसे पडतात हे आम्हाला कोणी शिकवायला नको. उद्या हाही बंद झाला किंवा त्यानं भट्टी बदलून विजेवर नेली आणि वाया जाणारी उष्णताच कमी झाली तर? कंपनीच्या पत्रकात त्याबद्दल एक ओळ नाही. मी लेखी विचारलं, उत्तर आलं की पर्यायी व्यवस्था गॅसची आहे. म्हणजे कारखान्याच्या भरवशावर कोळसा सोडला आणि कारखाना गेला तर पुन्हा जमिनीखालचं इंधनच जाळायचं. हे मला मान्य नाही.

आणि पुढच्या टप्प्यात ते लाकडाचा भुसा आणि कचरा जाळणार म्हणतात, त्या दोन्हीला पत्रकात हिरवा रंग दिलाय. कचऱ्यात प्लास्टिक असतं आणि प्लास्टिक तेलापासून होतं, ते जाळलं की तो कार्बन जमिनीखालचाच. लाकडाचं म्हणाल तर झाड पुन्हा वाढायला काही दशकं लागतात आणि धुराड्यातून कार्बन आजच्या आज बाहेर पडतो, तेव्हा करवतीच्या गिरणीत उरलेला भुसा थोडाफार वापरणं समजू शकते पण अख्खं शहर त्यावर चालवायचं म्हणजे जंगलावर टाच. कोळशाच्या बॉयलरमध्ये थोडे बदल करून लाकूड जाळता येतं म्हणून हा मार्ग कंपन्यांना सोयीचा वाटतो, तेच बॉयलर, तेच कन्व्हेयर, तीच सवय. सवय बदलायची नाही म्हणून इंधन बदललं, असं व्हायला नको.

आमच्या पायाखाली काय आहे ते बघा ना. खाणी बंद झाल्या, पंप थांबले, बोगद्यांत पाणी भरलं, ते जमिनीच्या उबेनं कोमट राहतं. नेदरलँड्समधलं हेर्लेन, आमच्यासारखंच खाणींचं शहर, तिथल्या खाणी १९६५ ते १९७४ मध्ये बंद केल्या आणि २००८ पासून त्याच खाणींतल्या पाण्यावर बिल्डिंगा तापवतात, ७०० मीटर खोलवर पाणी २८ डिग्रीचं. पुढे त्यांनी एक फार शहाणपणाची गोष्ट केली, खाणीकडे नुसतं उपसायची विहीर म्हणून न बघता साठवणीची जागा म्हणून बघितलं, उन्हाळ्यात बिल्डिंगांमधली नको असलेली उष्णता खाली पाठवायची आणि हिवाळ्यात परत वर आणायची, एका बिल्डिंगला गारवा हवा आणि दुसरीला ऊब तर आपसात देवाणघेवाण. इंग्लंडच्या गेट्सहेडमध्ये १५० मीटर खोलीवरचं १५ डिग्रीचं खाणीतलं पाणी, त्यावर ६ मेगावॉटचा हीट पंप, २०२३ मध्ये सुरू. आमच्याकडे याची पाहणी करायचं बोलतात, आणि बोलतातच.

मोठ्या प्रमाणावर जमत नाही असंही कोणी म्हणू नये. जर्मनीत मॅनहाइमला ऱ्हाइन नदीवर २० मेगावॉटचा हीट पंप २०२३ पासून कोळशाच्या वीज केंद्राच्याच आवारात चालतोय, जुन्या पाइपांना तिथेच जोडता आला म्हणून. डेन्मार्कच्या एस्ब्यर्गमध्ये कोळशाचं केंद्र २०२४ मध्ये बंद केलं, समुद्राच्या पाण्यावर चालणारे हीट पंप लावले, साधारण २५ हजार घरांना पुरतील एवढे, आणि त्यांच्यात फिरणारा वायू कार्बन डायऑक्साइड, कारण बाजूला जपायला हवा असा वाडन समुद्र आहे आणि गळती झाली तरी समुद्राला धोका नको. (त्यांनीही जोडीला लाकडाचा बॉयलर ठेवलाय, ते मला तिथेही आवडत नाही.)

बिलाबद्दल. बिलाचे दोन भाग, एक ठरलेला आकार आणि एक वापराचा. ठरलेला आकार मोठा आहे, म्हणून काटकसर करणाऱ्याला बिलात फरक कमी दिसतो, हे चुकीचं आहे. शिवाय कंपनी बदलता येत नाही, पाइप एकच, मालक एकच. अशा ठिकाणी दर कसा ठरतो ते उघड मांडायलाच हवं. माझी मागणी इतकीच की डेन्मार्कात काही कंपन्या करतात तसं परतीच्या पाण्याच्या तापमानावर सूट आणि दंड ठेवा. गार पाणी परत पाठवणाऱ्या बिल्डिंगला सूट, कढत पाठवणारीला जादा आकार. मीटर तो आकडा मोजतोच, येणारं तापमान, जाणारं तापमान आणि पाणी किती गेलं यावरूनच तर तो युनिट काढतो, नवीन यंत्र काही लागत नाही. असं केलं असतं तर आमच्या मॅनेजमेंटनं तो गंजलेला व्हॉल्व्ह दीड महिना नाही, दीड दिवसात बदलला असता.

कनेक्शन नवीन घेणार असाल किंवा घर बघायला जाणार असाल तर तळघर उघडायला लावा. मीटरवर परतीचं तापमान बघा, पन्नासच्या वर असेल तर बॅलन्सिंग कधी केलं ते विचारा, आणि सगळ्यात वरच्या, सगळ्यात टोकाच्या खोलीतल्या रेडिएटरला हात लावून मगच सही करा. रेडिएटर वरून गरम आणि खालून गार लागला तर तो बिघडलाय असं समजू नका, तेच बरोबर आहे, पाण्यानं उष्णता खोलीत सोडली म्हणूनच तो खालून गार आहे. आमच्यात बॅलन्सिंग झाल्यावर निम्म्या लोकांनी याचीच तक्रार केली, मला दारोदार जाऊन समजवावं लागलं.

आजींचा विजेचा हीटर आता माळ्यावर आहे. त्यांच्या खोलीत २१ असतं, आणि परतीच्या पाइपवर मागच्या रविवारी, बाहेर उणे सहा असताना, ३९ होतं.